शेजारच्या सीटचा ब्रेक

दर रविवारी दुपारी हळूबाई सासूच्या फाटकासमोर गाडी उभी करायची. जोडीदारीण आणि मुलगी उतरून आत जायच्या, आणि हळूबाई गाडीतच बसून राहायची. ‘सासू’ हा शब्द त्या सासूला मंजूर नव्हता. पण जिच्या लेकीबरोबर इतकी वर्षं एका छपराखाली काढली, साबणाच्या वडीपासून पडद्याच्या रंगापर्यंत सगळ्यावरून भांडणं केली, त्या बाईला दुसरं म्हणायचं तरी काय? आत चहा व्हायचा, केक कापला जायचा, हसण्याचे आवाज यायचे. बाहेर हळूबाई शब्दकोडं सोडवायची, काचा पुसायची, पुसलेल्या काचा पुन्हा पुसायची. आत बोलावलं नाही म्हणून कुणी मरत नाही, असं ती म्हणायची. खरंच आहे, मरत नाही. पण मुलगी मोठी होत होती, आणि अलीकडे गाडीतून उतरताना विचारायला लागली होती, ‘मम्मा, तुला आजीचं घर आवडत नाही का गं?’

गाडीत बसून राहणं हा म्हटलं तर तिच्या पोटापाण्याचाच उद्योग. ती ड्रायव्हिंग स्कूलमध्ये गाडी शिकवते. ‘हळू, हळू’ याखेरीज तिच्या तोंडून फारसं काही निघत नाही, म्हणून ती हळूबाई. स्कूलच्या गाडीत शेजारच्या सीटसमोरही एक क्लच आणि एक ब्रेक बसवलेला असतो. शिकणाऱ्याचं भान सुटलं की शिकवणाऱ्याने तो दाबायचा. जन्मभर हेच केल्यामुळे हळूबाईला एक खोडच जडली होती. बसल्या जागी, कुठेही, तिचा उजवा पाय जमीन दाबायचा. टीव्हीवर गाडी जोरात आली की सोफ्यावरून दाबायचा. लिफ्ट खाली निघाली की लिफ्टमध्ये दाबायचा. दुकानात पुढच्या बाईने सामानाची ढकलगाडी जरा आडवी घातली की तिथेही. आणि बोलण्यातही तीच तऱ्हा. भांडण रंगात येतंय असं दिसलं की ही ‘बरं, जाऊ दे’ म्हणून मोकळी. तिची जोडीदारीण चिडून म्हणायची, ‘तुझ्याशी भांडायचं म्हणजे गादीवर चेंडू मारायचा. परत म्हणून येत नाही!’

ही जोडीदारीण चष्म्याच्या दुकानात डोळे तपासते. लोक तिला चष्मेवाली म्हणतात, आणि तिच्या जिभेला चांगले ओळखून असतात. शाळेच्या दारात एका पालकाने मोठ्या भोळेपणाचा आव आणून विचारलं होतं, ‘नाही, म्हणजे सहज विचारतोय हं, तुमच्या दोघींत नवरा कोण?’ चष्मेवाली म्हणाली, ‘ज्या दिवशी घरात जिचं कुणी ऐकत नाही, त्या दिवशी ती.’ तो पालक तेव्हापासून मुलाला पलीकडच्या दाराने आणतो.

मूल हवं असं दोघींनी ठरवलं तेव्हा पुढचा प्रश्न आला, पोटात वाढवायचं कुणी? चष्मेवालीला उलटीच्या नुसत्या कल्पनेने उलटी होते. प्रश्न तिथेच निकालात निघाला. दवाखान्यात जाऊन, रीतसर सुया टोचून घेऊन हळूबाईला दिवस राहिले. पोट वाढेल तशी ती गाडीतली सीट मागे सरकवत गेली. शेवटी सीट इतकी मागे गेली की पाय ब्रेकपर्यंत पोचेना, तेव्हा कुठे बाईसाहेब घरी बसल्या. मुलगी झाली. एवढीशी आणि तिखट, म्हणून मिरी.

आता सासूबाई. त्या शाळेच्या मुख्याध्यापिका होत्या. निवृत्त होऊन जमाना झाला तरी सगळे त्यांना मोठ्या बाईच म्हणतात. लेकीने हळूबाईबरोबर घर मांडलं तेव्हा त्यांनी एकदाच, स्पष्ट आवाजात सांगितलं होतं, ‘ती माझ्या उंबऱ्याच्या आत येणार नाही.’ पुढे राग निवला असेल, नसेल; पण एकदा बोललेलं मागे घ्यायचं कसं, हे त्यांना कुणी शिकवलेलंच नव्हतं. त्या फक्त शिकवायच्या.

मिरीच्या बाबतीत मात्र बाई पार विरघळल्या. दवाखान्यात येऊन बाळाला पहिल्यांदा मांडीवर घेतलं आणि जाहीर केलं, ‘नाक आमच्या घराण्याचं आहे.’

खोलीतल्या सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिलं. हळूबाई समोर पलंगावर झोपलेली, अजून नीट कुशीवर वळता येत नव्हतं तिला.

चष्मेवालीने विचारलं, ‘आई, तुझ्या घराण्याचं नाक त्या पोटात शिरलं कुठून?’

‘नाकाला वाट लागत नाही,’ मोठ्या बाई म्हणाल्या.

विषय संपला. मिरीचं नाक त्यांच्या घराण्याचं, हट्ट त्यांच्या घराण्याचा, गणितातली हुशारी तर त्यांचीच. मूल कुणाच्या पोटी आलं ही गोष्ट त्यांनी, जुनी छत्री माळ्यावर टाकावी तशी, टाकून दिली होती. हळूबाईने त्यावरही ‘बरं, जाऊ दे’ म्हटलं. चष्मेवाली म्हणायची, ‘आईचे डोळे मी स्वतः तपासलेत. लांबचं लख्ख दिसतं तिला. जवळचंच दिसत नाही.’

मग आजोबा गेले. मोठ्या बाईंची गाडी नेहमी तेच चालवायचे. बाईंकडे परवाना तरुणपणापासून होता, पण त्याचा उपयोग आजवर फोटो दाखवण्यापुरताच. गाडी गॅरेजात कापड पांघरून पडली. आणि एक दिवस बाईंच्या मनाने घेतलं की बुधवारी मिरीला पोहण्याच्या क्लासवरून आपण स्वतः आणायचं. दोघी आया कामावर, पोरगी शेजारणीच्या हाताला धरून घरी येते, हे काय चाललंय? आपली गाडी आहे, आपला परवाना आहे, आपली नात आहे.

चष्मेवाली फोनवर म्हणाली, ‘चालेल की. पण तिने हो म्हटलं पाहिजे.’

‘तिने म्हणजे कुणी?’

‘तिने म्हणजे तिने. मिरीच्या मम्माने. गाडी कुणाला चालवता येते हे तिला कळतं, मला नाही.’

मोठ्या बाईंनी आधी दुसरीकडे प्रयत्न केला. तिथल्या शिकवणाऱ्या मुलाने ‘आजी, पाय उचला’ म्हटलं. बाई म्हणाल्या, ‘मी तुझी आजी असते तर तू केस विंचरून आला असतास.’ पुढचा शिकवणारा जास्त सभ्य होता. त्याने काही न बोलता दुसऱ्या दिवसापासून फोन उचलणं बंद केलं. मग एका सकाळी मोठ्या बाई, पर्स पोटाशी धरून, हळूबाईच्या स्कूलच्या दारात उभ्या.

‘मला गाडी शिकायची आहे. फी पुरी भरणार. नात्याचा इथे काही संबंध नाही.’

‘नातं आहे असं मी कुठे म्हटलं?’ हळूबाई म्हणाली.

‘म्हणूही नका.’

झालं, शिकवणी सुरू झाली. आणि गंमत अशी की मोठ्या बाई मुळीच वाईट चालवत नव्हत्या. स्टिअरिंग पट्टीने आखल्यासारखं सरळ. इंडिकेटर वेळेवर. आरशात बघायचं म्हणजे बघायचं. फक्त दोन खोडी. एक म्हणजे, रस्ता ओलांडणाऱ्या माणसांना त्या काच खाली करून ‘पळू नका! रांगेत चला!’ असं ओरडायच्या. आणि दुसरी म्हणजे ब्रेक. ब्रेक त्यांना पटतच नव्हता. जन्मभर त्या आल्या की समोरचे थांबायचे. आपण थांबायचं असतं ही कल्पनाच नवी. पाय पेडलवर ठेवायच्या, पण दाबायच्या नाहीत. समोरच्याला सुधारण्याची संधी द्यायच्या.

पहिल्याच दिवशी समोर कचऱ्याची गाडी आडवी आली. बाईंचा पाय ब्रेकवर नुसता टेकलेला, नजर कचरेवाल्यावर रोखलेली. हळूबाईने आपल्या बाजूचा ब्रेक दाबला. आता ही दोन्ही पेडलं एकमेकांना जोडलेली असतात. इकडचं दाबलं की तिकडचंही खाली जातं. बाईंच्या पायाखालचं पेडल गेलं, त्याबरोबर पाय गेला, गाडी थांबली.

‘पाहिलंत?’ मोठ्या बाई म्हणाल्या. ‘थांबली!’

दुसरा कुणी असता तर हळूबाईने तिथल्या तिथे सांगितलं असतं की बाबा रे, तू नाही थांबवलीस, मी थांबवली. तिने तोंड उघडलंही. पण तेवढ्यात मोठ्या बाईंनी पर्स उघडली, एक पेपरमिंटची गोळी स्वतःच्या तोंडात टाकली, आणि जरा थांबून दुसरी तिच्यापुढे धरली.

इतक्या वर्षांत त्या हातून मिळालेली ती पहिली वस्तू. हळूबाईने गोळी तोंडात टाकली. उघडलेलं तोंड त्या निमित्ताने बंद झालं.

तिथून घसरगुंडीच. शिकणाऱ्याला धडा मिळावा म्हणून हळूबाई एरवी ब्रेक असा दाबायची की पुढच्या वेळी त्याने कानाला खडा लावावा. आता ती लोणी लावल्यासारखा दाबायला लागली. चौकात, वळणावर, शाळेसमोर, मांजर आडवं आलं तर. गाडी अशी अलगद थांबायची की मोठ्या बाई स्वतःवरच खूश. आणि खूश झाल्या की जराशा मऊ व्हायच्या. गोळी तर रोजचीच झाली. एकदा ‘बसून बसून पाठ धरत नाही का हो तुमची?’ असं विचारलं. एकदा म्हणाल्या, ‘बऱ्या शिकवता.’ हे त्यांच्या तोंडून म्हणजे गळ्यात हारच. एकदा तर शिकवणी संपल्यावर फाटकाच्या कडीवर हात ठेवून थांबल्या आणि म्हणाल्या, ‘आत...’

हळूबाईने पट्टा सोडून दाराकडे हातही नेला.

‘...आतल्या बाजूला लावा गाडी पुढच्या वेळी. दूधवाल्याला अडचण होते.’

तरी ‘आत’ म्हणाल्या होत्या. त्या एका शब्दावर हळूबाई आठवडाभर शीळ घालत फिरली.

घरी चष्मेवालीने विचारलं, ‘मग? कशी चालवते आई?’

‘स्टिअरिंग सरळ आहे.’

‘आणि?’

‘इंडिकेटर फार छान.’

‘मी गाडीबद्दल विचारतेय, दिव्यांबद्दल नाही. या बुधवारी मिरीला बसवू का तिच्याबरोबर?’

मिरी तिथेच टेबलाखाली बसून बुटाच्या नाड्यांशी झटापट करत होती. तिने मान वर केली. ‘आजी एकटी येणार मला न्यायला? मी पुढे बसू?’

मोठ्या बाईंच्या गाडीत शेजारच्या सीटसमोर काय होतं? पायपुसणं होतं. ती म्हणाली, ‘आधी एकदा त्यांच्या स्वतःच्या गाडीत बघते. मग सांगते.’

शनिवारी गॅरेजातून गाडी निघाली. मागच्या काचेशी आजोबांची टोपी तशीच होती. हळूबाईने मुद्दाम रिकामी गल्ली निवडली. गाडी चालली गोगलगायीच्या गतीने. गल्लीला वळसा घातला, कुठे थांबायची वेळच आली नाही. हळूबाईला वाटायला लागलं, कोण जाणे, जमलंही असेल. मग मोठ्या बाईंनी ऐटीत इंडिकेटर दिला, आरशात पाहिलं, फाटकातून गाडी आत घेतली, आणि नेहमीप्रमाणे पाय ब्रेकवर टेकवून ती आपोआप थांबण्याची वाट पाहू लागल्या.

हळूबाईने पायपुसणं दाबलं. जिवाच्या आकांताने दाबलं. गाडी आपल्या सवडीने पुढे गेली, कचऱ्याच्या डब्यांच्या रांगेत शिरली, सगळे डबे लोळवले आणि गॅरेजच्या लाकडी दाराला नाक लावून, हळूबाईने हँडब्रेक ओढला तेव्हा, थांबली. एका डब्याचं झाकण गोल गोल फिरत फाटकाबाहेर निघून गेलं.

मोठ्या बाईंनी इंडिकेटर बंद केला.

‘ब्रेक निकामी आहेत,’ मोठ्या बाई म्हणाल्या.

कोपऱ्यावरच्या मेकॅनिककडे गाडी हळूबाईने नेली. मोठ्या बाई शेजारी बसून वाटभर बोलत होत्या, की हल्ली माणसं कामं कशी करतात, जीव गेला असता, माझी नात बसणार होती या गाडीत. मेकॅनिक टक्कल पडलेला, नातवंडं असलेला माणूस. बाईंना उतरताना पाहिलं आणि त्याने तोंडातला पावाचा तुकडा गिळून हात पाठीमागे बांधले.

‘तू शेवटच्या बाकावरचा ना?’ मोठ्या बाई म्हणाल्या.

‘हो, बाई.’

‘तेव्हाही तुझं लक्ष खिडकीबाहेर असायचं. या गाडीचे ब्रेक मागच्या वेळी तूच बघितलेस?’

‘हो, बाई.’

‘लागत नाहीत ते.’

मेकॅनिक गाडीत बसला, अंगणात एक चक्कर मारली, जागच्या जागी थांबवली. पुन्हा मारली, पुन्हा थांबवली. उतरला तेव्हा चेहरा रडवेला. ब्रेक ठणठणीत होते. पण हे मोठ्या बाईंना सांगणार कोण?

‘काय निघालं?’

‘जरा... आहे थोडं, बाई,’ तो म्हणाला. ‘बदलून टाकतो. सगळेच बदलतो.’

हळूबाई त्याच्याकडे बघत राहिली. एवढा थोराड माणूस, चड्डीतल्या पोरासारखा उभा राहून चांगल्या ब्रेकांना वाईट म्हणत होता, का तर बाई रागावतील. आणि आपण काय वेगळं केलं? पेपरमिंट खाल्लं, एवढाच फरक. आता हा ब्रेक बदलणार, बाई खुशाल बुधवारी मिरीला मागे बसवणार, आणि समोर कचऱ्याची गाडी आडवी आली की पाय टेकवून वाट बघणार.

‘काही बदलू नका,’ ती म्हणाली. ‘ब्रेक चांगले आहेत. मोठ्या बाई, तुम्ही दाबलाच नाहीत.’

‘मी रोज दाबते. तुमच्या देखत दाबते.’

‘रोज मी दाबते. माझ्या बाजूचा. तुमचा पाय नुसता बरोबर जातो.’

मेकॅनिकने हातात जे आलं ते, बहुतेक पाना असेल, उचललं आणि तो गाडीखाली दिसेनासा झाला.

‘म्हणजे मी एकदाही थांबवलेली नाही?’ मोठ्या बाईंनी विचारलं. आवाज वर्गातला होता, पण बारीक.

‘एकदा सिग्नलला. पण तेव्हा इंजिनच बंद पडलं होतं.’

मोठ्या बाई पर्सच्या कडीशी चाळा करत राहिल्या. ‘आयांना सांगून सांगून माझा घसा सुकला, की मुलांची गणितं तुम्ही सोडवून देऊ नका. अक्षरावरून ओळखायची मी. आईचं अक्षर लपत नाही.’ मग म्हणाल्या, ‘पायावरून नाही ओळखता आलं.’

‘चुकलं माझं.’

‘चुकलं? माझी नात बसणार होती त्या गाडीत!’

इथे हळूबाई नेहमीप्रमाणे ‘बरं, जाऊ दे’ म्हणायची. तिचा पाय तेलकट जमिनीवर दाबलाही गेला. पण तोंड थांबलं नाही.

‘माझी मुलगी बसणार होती,’ ती म्हणाली. ‘माझ्या पोटची. नाक कुणाचं का असेना.’

गाडीखाली काहीतरी खणकन पडलं. मोठ्या बाईंनी पर्स मिटली आणि त्या चालत घरी निघून गेल्या. वाटेत एक मोटार त्यांच्यासाठी थांबली, तिच्याकडे त्यांनी पाहिलंसुद्धा नाही.

घरी चष्मेवाली आधी हसली. सोफ्यावर आडवी पडून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. ‘आईचा ब्रेक तू लावत होतीस! आणि आई मला फोनवर सांगते, माझा पाय फार हलका आहे म्हणून!’ मग एकदम उठून बसली. ‘थांब. मिरीला बसवणार होतीस त्या गाडीत?’

‘नव्हते. म्हणून तर सांगून टाकलं.’

‘आधी का नाही सांगितलंस?’

‘त्या फाटकापर्यंत आल्या होत्या,’ हळूबाई म्हणाली. ‘“आत” म्हणाल्या होत्या.’

चष्मेवालीला तिचा असा राग आला आणि अशी माया आली की तिने उशी फेकून मारली. मिरीने दारातून विचारलं, ‘आजी नापास झाली?’

‘नाही गं. मी झाले.’

‘मग आता आजीकडे रविवारी जायचं नाही?’

‘जायचं,’ हळूबाई म्हणाली. ‘का नाही जायचं?’

रविवारी ती नेहमीच्या जागी गाडी लावून बसली. शब्दकोड्यातला एक शब्द सुचत नव्हता. आज कुठलाच सुचत नव्हता. आता ते फाटक आपल्यासाठी कायमचं बंद, आणि मिरी असंच विचारत राहणार, हे ती मनाशी घोळवत होती, तेवढ्यात काचेवर टकटक झाली. मोठ्या बाई उभ्या होत्या.

‘उद्या सकाळी. माझी गाडी. कुठेतरी मोकळं मैदान बघा.’

‘बरं.’

‘आणि पाय वर.’

‘काय?’

‘पाय सीटवर घ्यायचे. मांडी घालता येते ना तुम्हाला?’

अशी ती जगावेगळी शिकवणी सुरू झाली. भर मैदानात एक म्हातारी बाई गाडी हाकतेय आणि शेजारी शिकवणारी, पट्टा बांधून, मांडी घालून, हात गुडघ्यांवर ठेवून बसली आहे. हातही गुडघ्यांवर ठेवायचे, हा बाईंचाच हुकूम. हँडब्रेकच्या दिशेने बोट जरी सरकलं तरी ‘हात!’ म्हणून ओरडायच्या. पहिल्यांदा मोठ्या बाईंनी स्वतःच्या पायाने ब्रेक दाबला तेव्हा असा दाबला की दोघींच्या माना पाखरासारख्या पुढे गेल्या, पर्स उडाली आणि पेपरमिंटच्या गोळ्यांचा पाऊस पडला.

‘हा मी लावला?’

‘हा तुम्हीच लावलात.’

‘बापरे,’ मोठ्या बाई म्हणाल्या, आणि लहान मुलीसारख्या हसायला लागल्या.

गोळ्या वेचता वेचता एकदा त्या म्हणाल्या, ‘हे पण असंच करायचे. लग्नानंतर मी एकदा चालवायला घेतली, तर सगळा वेळ हँडब्रेक धरून बसले होते. मी विचारलं की म्हणायचे, छे, सहज हात ठेवलाय. म्हटलं, कधी कुणी मला सरळ सांगेल की नाही, की बाई, तुला येत नाही?’

‘तुम्हाला सांगायला छाती लागते.’

‘तुझ्यात होती म्हणायची,’ मोठ्या बाई म्हणाल्या. ‘जरा उशिरा आली.’

मैदानानंतर गल्ली, गल्लीनंतर चौक. दर शिकवणीअखेर मोठ्या बाई विचारायच्या, ‘मग?’ आणि हळूबाई म्हणायची, ‘अजून नाही.’ बाई फणकारायच्या, दार आपटायच्या, आणि दुसऱ्या दिवशी वेळेच्या आधी हजर. ‘अजून नाही’ म्हणताना सुरुवातीला हळूबाईचे कान लाल व्हायचे. पुढे पुढे तिला त्यात मजा यायला लागली. घरीही म्हणून पाहिलं. चष्मेवालीने विचारलं, ‘पडदे पिवळे घ्यायचे ना?’ तर म्हणाली, ‘नाही.’ चष्मेवाली दोन दिवस तिच्याकडे संशयाने बघत होती.

मग एका मंगळवारी बाईंच्या समोर सायकलवरचा पोरगा अचानक वळला. बाई त्याच्यावर ओरडल्या नाहीत. त्यांनी ब्रेक दाबला, गाडी थांबली, पोरगा गेला, आणि गाडी पुन्हा निघाली. जणू रोजचंच.

‘मग?’

‘उद्या बुधवार आहे,’ हळूबाई म्हणाली.

बुधवारी क्लासच्या दाराशी दोघी जोडीने उभ्या राहिल्या. पहिल्या दिवशी तूही बस, असं मोठ्या बाईंनीच सांगितलं होतं, आणि मांडीची अट त्यांनी मागे घेतली नव्हती. मिरी ओले केस घेऊन आली, मागे आपल्या उंच खुर्चीत बसली, पट्टा लावून घेतला. गाडी निघाली.

पहिल्या वळणाला मोठ्या बाई दचकल्या. ‘पाठीत काय लागलं?’

‘काही नाही,’ हळूबाई म्हणाली. ‘चांगलं वळवलंत.’

पुढच्या चौकात त्यांनी ब्रेक लावला, आणि त्याच क्षणी पाठीत पुन्हा धप्प. शाळेसमोर धप्प. बस पुढे आली, धप्प.

‘मागून लाथा कोण मारतंय?’

‘लाथा नाही मारत आहे, आजी,’ मिरी म्हणाली. ‘ब्रेक लावतेय.’

मोठ्या बाईंनी आरशात पाहिलं. ओल्या केसांची ती एवढीशी पोरगी, ओठ घट्ट मिटलेले, रस्त्यावर डोळे रोखून बसलेली. उजवा पाय बाईंच्या सीटच्या पाठीला टेकवलेला, तयारीत. मग त्यांनी शेजारी पाहिलं. शेजारी हळूबाई मांडी घालून, रस्त्यावर डोळे रोखून, ओठ घट्ट मिटून बसली होती, आणि मांडीखाली दुमडलेला तिचा उजवा पाय सीटची गादी दाबत होता.

एक सिग्नल गेला.

‘नाक आमचं आहे,’ त्या म्हणाल्या. ‘ते मी सोडणार नाही. पाय मात्र हिने तुझाच उचललाय.’

‘हो,’ हळूबाई म्हणाली. या वेळी तोंडात पेपरमिंट नव्हतं.

फाटकातून गाडी आत आली, कचऱ्याच्या डब्यांपासून हातभर अलीकडे थांबली. मिरी पट्टा सोडून धावत पायऱ्या चढली आणि आत गेली. मोठ्या बाई उतरल्या, दार लावलं, किल्ली पर्समध्ये टाकली. हळूबाई जागची हलली नाही.

‘उतर.’

‘येते.’

‘येते म्हणजे कधी? पत्रिका छापायची का आता?’

‘पायांना मुंग्या आल्यात,’ हळूबाई म्हणाली. ‘दोन्ही. उलगडतच नाहीयेत.’

मोठ्या बाईंनी आकाशाकडे पाहून एक सुस्कारा टाकला. मग गाडीला वळसा घालून आल्या, शेजारचं दार उघडलं, आणि पर्स काखेत मारून दोन्ही हात पुढे केले. हळूबाईने ते धरले. एक पाय जमिनीला लागला, लटपटला. दुसरा लागला, तोही लटपटला. दोघी एकमेकींना धरून पायऱ्यांकडे निघाल्या.

‘हळू,’ मोठ्या बाई म्हणाल्या. ‘हळू. आणि दारात पाय नीट पुसून घे. सकाळीच सगळी फरशी पुसून काढलीय मी.’